व्यस्त प्रमाणाची शाब्दिक उदाहरणं: आधी कायम काय आहे ते शोधा

सोयाबीन खुरपायला ८ बाया लावल्या तर रान ६ दिवसांत उरकतं. १२ बाया लावल्या तर किती दिवसांत उरकेल?

हाच प्रश्न बांधावर उभं राहून विचारला तर सहावीतली पोरगीसुद्धा क्षणभर विचार करून "चार" म्हणते. तिलाच तो वहीत मांडायला सांगितला की ती लिहिते, ८ ला ६, तर १२ ला किती? मग तिरका गुणाकार, मग भागाकार, आणि उत्तर येतं ९. बाया वाढल्या आणि दिवसही वाढले. पेन हातात आलं की डोळ्यांसमोरचं रान नाहीसं होतं आणि हात सवयीनं त्रैराशिक मांडून मोकळा होतो. डझनाचा भाव, किलोचा भाव, पाच वह्यांची किंमत या गणितांनी तो हात तसा तयार झालेला असतो. ती गणितं समप्रमाणाची. हे व्यस्त प्रमाणाचं.

सातवीला हा भाग व्यस्त प्रमाण म्हणून येतो, आठवीला व्यस्त चलन म्हणून. शिष्यवृत्ती परीक्षेत येतो आणि पोलीस भरतीच्या पेपरात तर हमखास भेटतो. अभ्यासिकेत माझ्यासमोर बसणाऱ्यांत सातवीची मुलं असतात, तसे बारावीनंतर तीन-चार वर्षांनी पुन्हा गणित हातात घेतलेले भरतीचे उमेदवारही असतात. दोघांचीही अडचण एकच असते. गुणाकार-भागाकार सगळ्यांना येतो, पण कशाला कशानं गुणायचं हे ठरत नाही.

बऱ्याच क्लासमध्ये यावर बाणांची युक्ती शिकवतात. एक बाण वर, एक खाली, दिशा उलटी असली की व्यस्त. मी तिथून सुरुवात करत नाही. बाण फक्त वाढ-घट दाखवतो, आणि नुसत्या वाढ-घटीवर ठरवलं की कुठे फसगत होते ते पुढे येईलच. मी सगळ्यांना एकच प्रश्न विचारायला लावतो. या उदाहरणात काय कायम आहे?

रान तेवढंच आहे

वरच्या उदाहरणात बाया बदलल्या, दिवस बदलणार आहेत. रान मात्र तेवढंच आहे आणि तणही तेवढंच. म्हणजे काम कायम. आता हे काम मोजायचं कशात? एका बाईचं एका दिवसाचं काम म्हणजे एक रोज. ८ बाया ६ दिवस राबल्या, म्हणजे ८ × ६ = ४८ रोज लागले. ४८ रोजांचं काम आहे. १२ बाया आल्या की एका दिवसात १२ रोज पडतात. ४८ ÷ १२ = ४ दिवस. उदाहरण संपलं.

गावात खुरपणीचं गुत्तं, म्हणजे ठेका, घेणाऱ्या मावशींचा हिशोब ज्यानं जवळून पाहिला असेल त्याला यात नवं काही वाटणार नाही. मावशी बांधावर येतात, दोन-चार तासं, म्हणजे पिकाच्या ओळी, चालून तण किती दाटलंय ते बघतात, एखादं ढेकूळ पायानं फोडून ओल बघतात आणि मग म्हणतात, "दादा, पन्नास रोज लागतेत. धा बाया आणल्या तर पाच दिस. पावसाच्या आत उरकायचं असंल तर पंचवीस आणते, दोन दिसांत रान मोकळं." त्या आधी बाया किती ते सांगत नाहीत, दिवसही सांगत नाहीत. आधी सांगतात पन्नास. तो आकडा पक्का झाला की उरतो फक्त भागाकार.

गणिताच्या भाषेत सांगायचं तर, दोन राशींचा गुणाकार कायम राहत असेल तर त्या राशी व्यस्त प्रमाणात असतात. एक राशी क्ष, दुसरी य, तर क्ष × य = स्थिर. या स्थिर संख्येला चलनाचा स्थिरांक म्हणतात. मावशींचा पन्नास तो हाच.

जाता जाता एक गोष्ट. रोज ३०० रुपये धरला तर ४८ रोजांचे १४,४०० रुपये होतात. बाया ८ लावा, १२ लावा की १६ लावा, मजुरीची रक्कम तेवढीच राहते. दिवस कमी झाले म्हणून मजुरी वाचत नाही आणि बाया वाढल्या म्हणून ती वाढत नाही. असा उपप्रश्न परीक्षेत कधीकधी येतो. ज्याच्या डोक्यात ४८ बसलेला असतो तो त्याला न अडखळता उत्तर देतो.

आता पायरी पायरीनं

हे उदाहरण घ्या. आखाड्यावर, म्हणजे शेतातल्या गोठ्यावर, २० जनावरांना ४५ दिवस पुरेल एवढा कडबा आहे. आणखी ५ जनावरं आली, तर तो कडबा किती दिवस पुरेल?

पहिली पायरी वाचनाची. बदलणाऱ्या दोन राशी कोणत्या ते कागदाच्या कडेला लिहा आणि त्यांखाली आकडे मांडा. इथे एक शब्द फार नडतो: "आणखी". आणखी ५ आली म्हणजे जनावरं ५ नव्हेत, २५ झाली. "५ जनावरं विकली" असं असतं तर १५. "एकूण", "आणखी", "कमी झाली", "उरली" हे शब्द दिसले की त्यांखाली रेघ ओढायची सवय लावून घ्या.

जनावरं २० असताना दिवस ४५
जनावरं २५ असताना दिवस किती?

दुसरी पायरी, कायम काय ते लिहा. इथे कायम आहे कडबा. नवीन शिकणारे इथेच थबकतात: "पेंढ्या किती आहेत ते दिलंच नाही." ते लागतही नाही. एक जनावर एका दिवसात खातं तो एक वाटा धरा. २० जनावरं रोज २० वाटे खातात आणि कडबा ४५ दिवस पुरतो, म्हणजे एकूण २० × ४५ = ९०० वाटे. वाट्यात पेंढ्या दोन असोत की तीन, गणिताला फरक पडत नाही. सगळी जनावरं सारखंच खातात, हे मात्र गणितानं मुकाट्यानं गृहीत धरलेलं असतं. खरं तर बैल आणि वासरू यांच्या खाण्यात केवढं अंतर! पण परीक्षेत तसा उल्लेख नसेल तर सगळ्यांना सारखं धरायचं.

तिसरी पायरी कसोटीची. मनात जनावरं दुप्पट करून बघा. २० ऐवजी ४० असती तर कडबा निम्म्या दिवसांत संपला असता का? हो, साडेबावीस दिवसांत. एक राशी दुप्पट केल्यावर दुसरी बरोबर निम्मी होत असेल तरच पुढे जा. "कमी होते" एवढ्यावर समाधान मानू नका. बरोबर निम्मी झाली पाहिजे.

चौथी पायरी तर नुसती आकडेमोड: ९०० ÷ २५ = ३६ दिवस.

पाचवी पायरी पडताळ्याची, आणि ती सोडायची नाही. आधी दिशा बघा. जनावरं वाढली, दिवस ४५ वरून ३६ झाले, म्हणजे कमी झाले, ठीक. मग गुणाकार: २५ × ३६ = ९००. जुळला. या दोन गोष्टींना दहा सेकंद लागतात आणि सुरुवातीच्या "९ दिवसां"सारखं उत्तर त्यात लगेच पकडलं जातं.

वाढलं-घटलं एवढ्यावर भुलू नका

या भागावर थोडा जास्त वेळ द्या. "एक वाढलं की दुसरं घटतं, म्हणून व्यस्त" हे वाक्य जवळजवळ प्रत्येक विद्यार्थ्याच्या तोंडी असतं आणि ते अपुरं आहे.

खिशात ५०० रुपये आहेत. मोंढ्यात १०० खर्च केले तर ४०० उरतात, २०० केले तर ३०० उरतात. खर्च वाढला, शिल्लक घटली. मग हे व्यस्त प्रमाण का? कसोटी लावा. खर्च दुप्पट झाला तेव्हा शिल्लक निम्मी, म्हणजे २०० झाली का? नाही, ३०० राहिली. इथे बेरीज कायम आहे, गुणाकार नाही. १०० × ४०० = ४०,००० आणि २०० × ३०० = ६०,०००. पुस्तक वाचणाऱ्याची वाचून झालेली पानं आणि उरलेली पानं, दिवस आणि रात्र यांची लांबी, हे सगळं याच घरातलं. बाणांची युक्ती वापरली तर इथे बाण उलटे दिसतात आणि माणूस फसतो.

दुसरा फसवा प्रकार, जिथे काहीच बदलत नाही. अंगणात ५ गोधड्या वाळायला ३ तास लागले. १० गोधड्या वाळायला किती तास? तीनच. जागा आणि ऊन पुरेसं असलं की प्रत्येक गोधडी आपापली वाळते. कुरडया, खारोड्या, पापड, काहीही घ्या.

तिसरा प्रकार माणसं वाढवूनही न होणाऱ्या कामाचा. एका विणकराला एक पैठणी विणायला ३० दिवस लागतात असं धरा. मग ३० विणकर लावले तर ती एका दिवसात होईल का? पैठणला जाऊन माग पाहिला तर उत्तर आपोआप कळतं. एका मागासमोर तीस जण बसूच शकत नाहीत, आणि विणलेल्या भागाच्या पुढेच पुढचा भाग विणला जातो. काम वाटून घेता येत असेल तरच माणसं आणि दिवस व्यस्त प्रमाणात येतात. खुरपणी वाटून घेता येते, कारण प्रत्येकीला वेगळं तास धरता येतं. तिथेही मर्यादा आहे. ४८ रोजांचं काम म्हणून ४८० बाया आणून ते तासाभरात उरकत नाही. बाया एकमेकींच्या पायांत येतील.

चौथा प्रकार परीक्षेत चांगल्या चांगल्यांना अडकवतो. २० फूट लांब, १२ फूट रुंद खोलीत एक बाय एकची फरशी बसवायची तर २४० फरशा लागतात. दोन बाय दोनची आणली तर किती? पटकन तोंडात येतं १२०. पण फरशीची बाजू दुप्पट झाली की तिचं क्षेत्रफळ चौपट होतं, १ चौरस फुटाचं ४ चौरस फूट. म्हणून २४० ÷ ४ = ६०. कायम काय? खोलीचं क्षेत्रफळ. मग गुणाकार करायचा तो एका फरशीच्या क्षेत्रफळाचा आणि फरशांच्या संख्येचा. बाजूचा नव्हे.

चार बाय दोन आणि तीन बाय दोन

फरशीचं हेच गणित कपाशीच्या रानात दर जूनमध्ये मांडलं जातं. एकर म्हणजे ४० गुंठे, गुंठा म्हणजे १,०८९ चौरस फूट, म्हणून एकराचे ४३,५६० चौरस फूट. हा आकडा पाठच करा, क्षेत्रफळाच्या कितीतरी उदाहरणांत उपयोगी पडतो.

चार बाय दोनवर सरकी टोबली, म्हणजे दोन ओळींत ४ फूट आणि दोन झाडांत २ फूट अंतर ठेवलं, तर एका झाडाच्या वाट्याला ८ चौरस फूट येतात. एकरी झाडं ४३,५६० ÷ ८ = ५,४४५. तीन बाय दोनवर टोबली तर वाटा ६ चौरस फूट, झाडं ७,२६०. चार बाय दीडवरही वाटा ६ चौरस फूटच, म्हणून झाडं पुन्हा ७,२६०. अंतरं वेगळी, पण वाटा तोच, म्हणून संख्या तीच. इथे कायम आहे एकराचं क्षेत्र, आणि झाडाचा वाटा व झाडांची संख्या व्यस्त प्रमाणात आहेत. नुसतं झाडांमधलं अंतर २ वरून १ फूट केलं तर झाडं दुप्पट होतात. दोन्ही अंतरं निम्मी केली तर चौपट.

ज्यांना उदाहरण कोरडं वाटतं त्यांनी आपल्या रानाचे गुंठे घेऊन हे करून बघावं. बांधाकडेला आणि वाटेला सुटणारी जागा सोडली तर आकडा प्रत्यक्षाच्या बराच जवळ जातो.

पाणी आणि खेपा

गावाला रोज ६०,००० लिटर पाणी लागतं. १०,००० लिटरच्या टँकरनं ६ खेपा, १२,००० च्या टँकरनं ५, ५,००० च्या टँकरनं १२. कायम आहे गावाची गरज.

आता ८,००० लिटरचा टँकर आला तर? ६०,००० ÷ ८,००० = ७.५. साडेसात खेपा होत नसतात. शेवटची खेप अर्धी भरून आणली तरी खेप ती खेपच, म्हणून उत्तर ८. इथे एक नियम लक्षात ठेवा. माणसं, खेपा, पोती, बस यांच्या बाबतीत "किती लागतील" असं विचारलं असेल तर उत्तर वरच्या पूर्ण संख्येवर न्या. "किती पूर्ण दिवस पुरेल" असं विचारलं असेल तर खालच्या. ५० रोजांचं काम ७ दिवसांत उरकायचं असेल तर ५० ÷ ७ म्हणजे सातहून थोड्या जास्त बाया. सात लावल्या तर ४९ रोज पडतील आणि एका रोजाचं तण उरेल, म्हणून आठ लावाव्या लागतात. पण ९०० वाट्यांचा कडबा ३५ जनावरांना २५ दिवस पुरतो आणि सव्वीसाव्या दिवशी कमी पडतो. तिथे उत्तर २५.

लातूरकरांना खेपांचं गणित समजावून सांगावं लागत नाही. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आलं. पहिल्या गाडीला १० वाघिणी, म्हणजे पाण्याच्या टाकीचे डबे, होत्या आणि तिनं सुमारे ५ लाख लिटर पाणी आणलं. पुढे ५० वाघिणींच्या गाड्या सुरू झाल्या, एका खेपेला सुमारे २५ लाख लिटर. १ कोटी लिटर पाणी आणायचं ठरवलं तर पहिल्या गाडीसारख्या २० खेपा लागतात, दुसरीसारख्या ४. वाघिणी पाचपट, खेपा एक पंचमांश. वाघिणी × खेपा हा गुणाकार दोन्हीकडे २०० आहे.

वेग आणि वेळ

छत्रपती संभाजीनगर ते जालना साधारण ६० किलोमीटर. ताशी ६० च्या वेगानं १ तास, ताशी ४० नं दीड तास. कायम आहे अंतर. वेग × वेळ = अंतर हे सूत्र म्हणजे व्यस्त प्रमाणच.

यातल्या चुका बहुतेक एककांच्या असतात. ताशी ४५ च्या वेगानं किती वेळ? ६० ÷ ४५ = १.३३ तास. हे १ तास ३३ मिनिटं नव्हे. ०.३३ तास म्हणजे तासाचा तिसरा भाग, २० मिनिटं. उत्तर १ तास २० मिनिटं. दशांश अपूर्णांकाच्या भानगडीत न पडता आधीच मिनिटांत मांडणं जास्त सोपं: ताशी ६० नं ६० मिनिटं, म्हणून गुणाकार ३,६००, आणि ३,६०० ÷ ४५ = ८० मिनिटं.

दुसरी चूक सरासरी वेगाची. जाताना ताशी ४०, येताना ताशी ६०, तर सरासरी वेग किती? ५० हे उत्तर पर्यायांत मुद्दाम दिलेलं असतं. जायला दीड तास, यायला एक तास, एकूण १२० किलोमीटरला अडीच तास. १२० ÷ २.५ = ४८. हळू चाललेल्या प्रवासात वेळ जास्त जातो, म्हणून सरासरी हळू वेगाकडे झुकते.

मध्येच काहीतरी बदलतं तेव्हा

पुन्हा कडब्याकडे. २० जनावरांना ४५ दिवस पुरेल एवढा कडबा होता. ९ दिवसांनी आणखी १० जनावरं आली. उरलेला कडबा किती दिवस पुरेल?

घाई केली की ९०० ÷ ३० = ३० असं लिहून माणूस मोकळा होतो. पण ९ दिवसांत २० जनावरांनी १८० वाटे खाल्ले आहेत. उरले ७२०. ते ३० जनावरांना ७२० ÷ ३० = २४ दिवस पुरतील. दुसऱ्या पद्धतीनं, ९ दिवस गेल्यावर उरलेला कडबा २० जनावरांना ३६ दिवस पुरला असता, २० × ३६ = ७२०. दोन्हींनी तेच येतं.

शेवटी प्रश्नाची शेपटी पुन्हा वाचा. "उरलेला किती दिवस" विचारलं असेल तर २४. "एकूण किती दिवस" विचारलं असेल तर ९ + २४ = ३३. पर्यायांत बहुधा दोन्ही असतात.

वेगवेगळ्या ताकदीच्या मोटारी

मोठी मोटार हौद २० मिनिटांत भरते, लहान मोटार ३० मिनिटांत. दोन्ही एकदम चालू केल्या तर? काही जण सरासरी काढून २५ लिहितात. एकटी मोठी मोटार २० मिनिटांत भरत असताना जोडीला दुसरी आल्यावर जास्त वेळ कसा लागेल?

कायम आहे हौद. त्याचं माप दिलेलं नाही, तर आपणच घ्या, ६,००० लिटर. मोठी मोटार मिनिटाला ३०० लिटर देते, लहान २००. मिळून ५००. ६,००० ÷ ५०० = १२ मिनिटं. ६,००० च घ्यायला हवेत असं नाही. २० आणि ३० या दोन्हींनी भाग जाणारी कोणतीही संख्या घ्या, ६० घेतली तरी १२ च येतात. "अ ते काम २० दिवसांत करतो, ब ३० दिवसांत" या भरतीच्या उदाहरणांनाही हीच रीत लावा.

मोटारीची पुली

पिठाची गिरणी किंवा कडबा कुट्टी पट्ट्यावर चालते. मोटारीवर लहान पुली, यंत्रावर मोठी. मोटारीच्या पाटीवर मिनिटाला १,४४० फेरे लिहिलेले असतील, तिची पुली ४ इंची आणि यंत्राची १२ इंची असेल, तर यंत्र मिनिटाला किती फेरे घेईल? पट्टा दोन्ही पुल्यांवरून सारखाच पळतो. तेच कायम. ४ × १,४४० = ५,७६०, आणि ५,७६० ÷ १२ = ४८० फेरे. यंत्र ७२० फेऱ्यांनी चालवायचं असेल तर ५,७६० ÷ ७२० = ८ इंची पुली बसवायची. पट्टा थोडा घसरतो, म्हणून प्रत्यक्ष फेरे किंचित कमी भरतात. सायकलची दातेरी चक्रंही अशीच. पुढे ४८ दाते आणि मागे १६ असले तर पायडलच्या एका फेऱ्यात मागचं चाक ३ फेरे घेतं.

राशी दोनपेक्षा जास्त असतील तर

१० बाया रोज ६ तास काम करून ४ दिवसांत ४ एकर खुरपतात. १२ बाया रोज ५ तास काम करून ६ एकर किती दिवसांत खुरपतील?

घाबरू नका. सगळं तासांवर आणा. १० × ६ × ४ = २४० तासांत ४ एकर, म्हणजे एकरी ६० तास. इथे कायम आहे तो एकरी लागणारा वेळ. ६ एकरांना ३६० तास. नव्या टोळीचे रोज १२ × ५ = ६० तास. ३६० ÷ ६० = ६ दिवस. एकर आणि दिवस समप्रमाणात, बाया आणि दिवस व्यस्त, तास आणि दिवस व्यस्त, ही सगळी गुंतागुंत एका "एकरी किती" नं सुटते. मोठी सूत्रं पाठ करण्यापेक्षा हे मला केव्हाही बरं वाटतं.

तोंडी करायची सवय

भरतीच्या पेपरात वेळ कमी असतो. रीत पक्की झाली की पटींनी विचार करायला लागा. एक राशी दुप्पट तर दुसरी निम्मी. एक दीडपट तर दुसरी दोन तृतीयांश. एक सव्वापट तर दुसरी चार पंचमांश. अपूर्णांक उलटा करायचा, बस. जनावरं २० ची २५ झाली म्हणजे सव्वापट, तर दिवस ४५ चे चार पंचमांश, ३६.

यातूनच शेकडेवारीचं नेहमीचं उदाहरण सुटतं. तेलाचा भाव २५ टक्के वाढला. तेलावरचा खर्च तेवढाच ठेवायचा असेल तर वापर किती टक्के कमी करावा? कायम आहे खर्च. भाव सव्वापट, तर वापर चार पंचमांश, म्हणजे २० टक्के कमी. २५ टक्के नव्हे.

सरावासाठी

आधी प्रत्येक उदाहरणात कायम काय आहे ते लिहा, मगच आकड्यांना हात लावा.

(१) वसतिगृहात ६० मुलींना ३० दिवस पुरतील एवढे गहू आहेत. १५ मुली गावी गेल्या. गहू किती दिवस पुरतील?

(२) ३० क्विंटल हरभरा ५० किलोच्या कट्ट्यांत भरला तर ६० कट्टे होतात. ६० किलोच्या कट्ट्यांत भरला तर किती?

(३) एका मुलाचं वय १० असताना त्याच्या बहिणीचं ५ होतं. त्याचं वय २० होईल तेव्हा बहिणीचं किती?

(४) १५ मजुरांनी १२ दिवसांत शेततळं खोदायचं ठरलं. ४ दिवसांनी ५ मजूर ऊसतोडीला निघून गेले. काम ठरल्यापेक्षा किती दिवस उशिरा संपेल?

पहिल्याचं उत्तर ४० दिवस, दुसऱ्याचं ५० कट्टे. तिसऱ्यात प्रमाणच नाही, सम नाही आणि व्यस्तही नाही. कायम आहे ती वजाबाकी, ५ वर्षांची, म्हणून १५. चौथ्यात एकूण १८० रोज. पहिल्या ४ दिवसांत ६० पडले, उरले १२०. आता मजूर १०, म्हणून आणखी १२ दिवस. काम सोळाव्या दिवशी संपेल. विचारलंय मात्र उशीर किती, म्हणून उत्तर १२ नाही, १६ नाही, तर ४ दिवस.